अवसेचा शनिवार

"मोठ्या बाई, इथं बसा," कंडक्टर म्हणाला आणि मी हसून वर बघितलं. बसलेल्या माणसाला कोणी बसा म्हणत नाही, एवढी साधी गोष्ट माझ्या डोक्यात आली नाही. मुख्याध्यापिकेला आमच्याकडे सगळं गाव मोठ्या बाई म्हणतं. काल दुपारी कोर्टाचा निकाल लागला आणि आज सकाळी रोह्याच्या स्टँडवर एसटीच्या कंडक्टरलासुद्धा कळलं, असं वाटून मी पदरबिदर सारखा केला, आणि मग लक्षात आलं की तो माझ्या डोक्यावरून मागे बघतोय. मागे मोकलबाई उभ्या. नमिता मोकल. मनात मी तिला कधी अहोजाहो केलं नाही आणि आताही करणार नाही. कंडक्टर विशाल आमच्याच शाळेचा. नववीत दोनदा बसला होता, मीच त्याला ढकलून दहावीत घातला. त्याला ते आठवत नाही. त्याला मोकलबाई आठवतात, कारण ती मराठीच्या तासाला पोरांना गाणी म्हणायला लावायची. अख्ख्या गाडीत एकच जागा रिकामी होती आणि ती नेमकी माझ्या शेजारची. मी हसले होते ते तिनं बघितलं. बघितलं आणि काही न बोलता बसली. त्यापेक्षा तिनं टोमणा मारला असता तर बरं झालं असतं. गाडी डेपोतून बाहेर पडली तरी माझ्या गालांची आग कमी होत नव्हती.

"पेण दोन?" विशालनं विचारलं. "वेगवेगळी काढ," मी म्हटलं. "एकाच शाळेच्या ना बाई दोघी?" "वेगवेगळी काढ म्हटलं ना." त्यानं दोन अर्धी तिकिटं काढली आणि पहिलं तिच्या हातात दिलं. मी खिडकीशी होते, मधे माझी पर्स उभी करून ठेवलेली. तिनं तिची पर्स माझ्या पर्सला टेकवली. धाटावच्या बाजूनं वारा होता, कंपन्यांचा तो सडक्या कांद्याचा वास गाडीत भरलेला, रात्रपाळी करून सुटलेली माणसं माना टाकून झोपली होती. मी खिडकी ओढून घेतली. "राहू द्या उघडी, मला मळमळतं," ती म्हणाली. "वास येतो," मी म्हटलं. "वास रोजचाच हाय." मग मी खिडकी अर्धी उघडली. पूर्ण नाही उघडली. ती मोठ्या बाई झाल्यापासून आम्ही एकमेकींशी सरळ बोललेली ही पहिली वाक्यं. शाळेत तिला काही सांगायचं असेल तर ती शिवा शिपायाकडून चिठ्ठी पाठवते आणि मी त्याच चिठ्ठीच्या पाठीवर उत्तर लिहिते. शिवा बिचारा पायऱ्या चढून उतरून दमतो. दमू दे.

दोघींना आज पेणला बोलावलं होतं. आमच्या संस्थेच्या दोन शाळा, एक पेणची आणि एक रोह्याची, ऑफिस पेणला. गेल्या वर्षी जुनी मुख्याध्यापिका निवृत्त झाली तेव्हा संस्थेनं सरळ मोकलबाईला खुर्चीत बसवलं. मी शाळा न्यायाधिकरणात गेले. मेअखेर मी रिटायर होणार, घरी मिस्टर म्हणतात, आता किती महिने राहिलेत, सोड, तब्येत सांभाळ. सोड म्हणे! आयुष्यभर नववी ब आणि दहावी क हाकली, खडूनं बोटांना भेगा पडल्या, ती एक खुर्ची सोडून दुसरं मिळण्यासारखं होतं काय माझ्या नोकरीत? महिनाभर का होईना, दारावर पाटी हवी होती मला. रोहिणी बामुगडे, मुख्याध्यापिका. काल हर्षदचा फोन आला. हर्षद माझ्या धाकट्या बहिणीचा, अनिताचा मुलगा, वकील आहे, खटला त्यानंच चालवला. म्हणाला, मावशी, मोकलबाईंची नेमणूक रद्द! संस्थेनं ज्येष्ठता नियमाप्रमाणे ठरवलीच नव्हती म्हणून कोर्टानं झापलं, आता नव्यानं ठरवा म्हणून सांगितलं. ती उडाली म्हणजे तूच राहिलीस. मी रात्री शिरा केला. मिस्टरांना डायबेटिस आहे, मी एकटीनंच खाल्ला.

आणि आता ती माझ्या शेजारी बसली होती, पाडलेली, हरलेली, आणि तरीही मोठ्या बाई. लोकांच्या जिभेला कोर्टाचा हुकूम लागू होत नाही. मी डोळ्यांच्या कोपऱ्यातून तिच्या हाताकडे बघितलं. बांगड्या तशाच, घड्याळ तसंच. रडल्याची काही खूण दिसते का ते बघत होते. दिसली नाही. मला खरंच वाईट वाटलं, म्हणजे ती रडली नाही याचं. सकाळी जाग आली की माणसाला देव आठवतो, पोरं आठवतात. मला कित्येक महिने पहिली आठवण हिची येते. दात घासताना मी हिच्याशी भांडते. आरशात तोंड हलताना दिसतं. एकदा दूध उतू गेलं तेव्हा मिस्टर म्हणाले, अगं कुणाशी बोलतेस? मी म्हटलं, कुणाशी नाही.

सगळा खटला एका शनिवारचा. आमच्या नेमणुकीचे कागद एकाच दिवशी निघाले, एकाच सहीचे. हजर व्हायला आठवडा दिला होता. नियम असा की एकाच दिवशी लागलेल्या दोघांत वयानं मोठा तो ज्येष्ठ, आणि मी तिच्याहून चार महिन्यांनी मोठी. पण ती शनिवारी जाऊन हजर झाली आणि मी सोमवारी. नेमणुकीचा दिवस धरला तर मी वरती, हजर झाल्याचा दिवस धरला तर ती. कागद माझ्या हातात शुक्रवारी संध्याकाळी पडला होता, मी शनिवारी सहज जाऊ शकले असते. निडीच्या पुढे आमचं गाव, रोहा असं किती लांब? पण शनिवारी अवस होती. साधीसुधी अवस नाही, सर्वपित्री. आमच्या ओटीवर बाबा, विठू शेतकरी, भात झोडून हात धुवत होते, त्यांनी मानसुद्धा वर केली नाही. "अवसेला नव्या जागी पाय नाय टाकायचा गो. आनि ही तर पितरांची. सोमवारी जा, शाळा काय पलून जातेय?" आई हौसा आतून म्हणाली, "वडे कोन तलील मग? माझं कंबरडं गेलंय." मी बीएस्सी. चंद्राच्या कला मला तोंडपाठ. अवस म्हणजे चंद्राची उजळलेली बाजू आपल्याकडे नसते, एवढंच, हे मी तेव्हाही फळ्यावर आकृती काढून सांगू शकले असते. तरी मी घरी राहिले आणि वडे तळले. कावळा लवकर शिवला म्हणून सगळे खूश होते, मीही खूश होते. आणि त्याच वेळी ही बया रोह्यात हजेरीवर सही करत होती.

सोमवारी मी शाळेत गेले तेव्हा स्टाफरूमच्या दारात हीच उभी. मला म्हणाली, "या, या. चपला इथं काढायच्या हां." मला! जशी काही मी तिच्या घरी हळदीकुंकवाला आले होते. कपाटातला वरचा खण तिनं घेतला होता, खिडकीजवळची खुर्ची तिची झाली होती. हेडमास्तरांनी आमची ओळख करून दिली, ह्या मोकलबाई, आणि ह्या नव्या बाई. दोन दिवसांत ती जुनी आणि मी नवी. तो 'नव्या' माझ्या पोटात गेला आणि तिथंच राहिला. मग मीही तिला सोडलं नाही. तिच्या बोलण्यातलं नाय आणि हाय मी पोरांदेखत सुधारायची. "मोकलबाई, नाही म्हणा, पोरं शिकतात." मराठीच्या बाईनं शुद्ध बोलायला नको? मला त्याचं काही वाटत नाही. माझा बापही नाय-हायच बोलायचा, पण तो भात लावायचा, वर्ग घेत नव्हता. तिच्या डब्यात सुकट असली की मी डबा घेऊन व्हरांड्यात जायची. सगळ्यांना दिसेल असं जायची.

पण ते कोर्ट! ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. हर्षद सांगत होता की नेमणूक मिळाल्यापासून दिलेल्या मुदतीत बाई हजर झाल्या, उशीर झाला असं म्हणताच येत नाही. छान सांगत होता पोरगा. तर हिचा वकील उठला, टाय सैल केलेला, आणि मला विचारतो, बाई, शनिवारी का गेला नाहीत? मी म्हटलं, घरी कार्य होतं. कसलं कार्य? पितरांचं. म्हणजे अमावस्या होती म्हणून? मी हर्षदकडे बघितलं. तो म्हणाला, बाई, आपण विषय कोणता शिकवता? मी म्हटलं, विज्ञान. त्यानं वळून सगळ्यांकडे बघितलं. बोलायची गरजच नव्हती. मागच्या बाकावर कुणीतरी खुदकन हसलं आणि मी मान वळवून बघितलं तर तोंडावर रुमाल धरून हीच. पुढच्या आठवड्यात माझ्या वर्गात फळ्यावर कुणीतरी मोठा काळा गोळा काढून ठेवला होता, पांढऱ्या खडूनं कड आणि आत कोळशानं भरलेला. ओल्या फडक्यानं पुसला तरी आठवडाभर डाग राहिला. त्या डागावर मी प्रकाशाचं परावर्तन शिकवलं.

भिसे खिंडीत गाडी वळणं घ्यायला लागली तशी ती खरंच पिवळी पडली. पदर तोंडाला लावून बसली. मी खिडकी पूर्ण उघडली असती तर माझं काही गेलं नसतं. उघडली नाही. नागोठण्याला एक भाजीवाली टोपली घेऊन चढली, तिनं टोपली मोकलबाईच्याच पायाशी ठेवली आणि म्हणाली, "बाईंनू, पाय वाईच आत घ्या गो." हिनं पाय आत घेतले आणि त्या बाईशी बोलायला लागली, कुठली तू, कुणाची, वाल कसे झाले औंदा. पूर्ण घरच्यासारखी. मला ती भाषा येते, माझ्या आईच्या पोटातून आलेली आहे, पण मी ती अशी कुणाशीही काढू शकत नाही. कधी बंद झाली ते आठवत नाही. ती बाई उतरताना हिला म्हणाली, येते गो ताय. मला काहीच म्हणाली नाही.

वडखळ जवळ आलं आणि उजाड मिठागरांच्या बाजूनं खारा वारा आत आला तसा तिच्या तोंडावर रंग आला. ती खिडकीबाहेर बघत होती, म्हणजे माझ्या तोंडासमोरून बघत होती, आणि मी मागे सरकायला तयार नव्हते. "माझा बाप तिकडं मिठागरावर होता," ती एकदम म्हणाली. मी विचारलं नव्हतं. "अवसेच्या उधानाला पानी आत घेतात. अवसेला तो घरात बसला असता तर आमी जेवलो नसतो. मी त्याला इचारलं पन नाय, शनिवारी जाऊ का म्हनून. इचारायचं असतं हेच मला ठावं नव्हतं."

"मग कोर्टात मला अडाणी कशाला ठरवलंत?"

"वकिलानं ठरवलं."

"तुम्ही हसलात."

"हसले," ती म्हणाली. "तुमी मला इतकी वर्षं पोरांदेखत सुधारलंत, तवा मी रडायची. संडासात जाऊन. एकदा हसले तर एवढं झोंबलं?"

याला मी काहीतरी जबरदस्त उत्तर देणार होते. ओठांवर आलं होतं. पण मला एकदम तो शाळेचा संडास दिसला, त्याची कडी लागत नाही, आत उभं राहून एका हातानं दार धरावं लागतं. ही एका हातानं दार धरून रडत असेल. मला त्यातून समाधान व्हायला हवं होतं, झालंही थोडं, आणि मग मला तिचा जास्तच राग आला. असलं काहीतरी सांगून माणसाला स्वतःच्या रागातून बाहेर काढायचं, ही पण एक लबाडीच. निकाल माझ्या बाजूनं लागल्यावर हिला हे सुचलं. अर्ध्या तासात मी खुर्चीत बसणार होते आणि ही मला आधीच तिथून उठवायला बघत होती. मी म्हटलं, "पेण आलं."

संस्थेच्या ऑफिसात आधीच कुणीतरी बसलेलं होतं. गणेश थळे सर, आमच्या पेणच्या शाळेत भूगोल शिकवतात. मांडीवर डब्याची पिशवी, बसायला खुर्ची असून बाकाच्या टोकाला टेकलेले. आम्हाला बघून ते उभे राहिले आणि उभेच राहिले. अध्यक्ष नाथाशेठ टेबलामागे होते, समोर पेढ्यांचा बॉक्स उघडा. मी बॉक्सकडे बघितलं आणि पेढे माझेच असं धरलं. मोकलबाईनं भिंतीकडे तोंड केलं. नाथाशेठ म्हणाले, "बसा बाई, दोघी बसा. पेढा घ्या." मी पेढा घेतला. घेतला म्हणजे तोंडातसुद्धा टाकला. "कोर्टानं आमचे कान उपटले," ते म्हणाले. "संस्था एक, शाळा दोन, तर ज्येष्ठता दोन्ही शाळांची मिळून धरायची असते. आम्ही आपली दोन्हीकडची वेगवेगळी धरत होतो, आमच्या वडिलांच्या वेळेपासून. काल रात्री बसून सगळं एकत्र केलं. थळे सर तुमच्या आधी लागलेले. त्याच वर्षी, जूनमध्ये. तुमच्या दोघींच्याही वरती ते."

पेढा माझ्या तोंडात तसाच होता. गिळता येईना, थुंकता येईना. "पण यांनी कुठं अर्ज केला?" मी कसंबसं विचारलं. थळे सर म्हणाले, "नाय हो बाई, मी काय नाय केलं. मला तर रोह्याला यायचंच नव्हतं, गुडघे दुखतात. पन आमची लेक दिपिका म्हनाली, देवानं दिलंय तर नको कशाला म्हनायचं?" ते खरंच लाजले होते. त्या लाजण्याबद्दल त्यांच्या थोबाडीत द्यावी असं मला वाटलं. "म्हणजे आम्ही भांडलो आणि..." मोकलबाई म्हणाली, आणि थांबली. नाथाशेठनी मान डोलावली. सरळ माणूस आहे, लागेल असं बोलतो पण खोटं बोलत नाही. "बाई, तुम्ही कोर्टात गेला नसतात तर आम्हाला हे कधी बघावं लागलं असतं? यांना स्वतःला ठाऊक नव्हतं. दोघींतली एक तरी खुर्चीत राहिली असती. आता काय, नियम म्हणजे नियम." मग त्यांनी थळे सरांना पेढा दिला आणि थळे सरांनी तो कागदात गुंडाळून पिशवीत ठेवला, घरी न्यायला.

बाहेर ऊन तापलं होतं. समोरच्या गणपतीच्या कारखान्याबाहेर बिनरंगाच्या मूर्ती ओळीनं सुकत ठेवल्या होत्या आणि एक बाई त्यांच्यावरची धूळ फुंकत होती. मी चालत सुटले. कुठं ते मला माहीत नव्हतं. मी केलं, मीच केलं, एवढंच डोक्यात. तिला खाली ओढायला गेले आणि तिसऱ्याला वर चढवून आले, तेही डब्याची पिशवी सांभाळणाऱ्या माणसाला. महिनाभराची पाटीसुद्धा नाही. एप्रिल, मे, आणि मग घर, दूध, मिस्टरांच्या गोळ्या. आरशात तोंड हलवत बसायचं आणि भांडायचं तरी कुणाशी? थळे सरांशी? त्या माणसाचा राग तरी धरता येतो का? मला रस्त्यात रडू यायला लागलं. सत्तावन्न वर्षांची बाई पेणच्या भर बाजारात रडते आहे, हे मला दिसत होतं आणि थांबत नव्हतं.

"बामुगडेबाई, थांबा." ती मागून येत होती, धापा टाकत. जवळ आली, माझ्या तोंडाकडे बघितलं आणि नजर बाजूला केली, तेवढं तिनं केलं. "असं सोडायचं काय? त्या थळ्याला?" ती म्हणाली. "दोन शाळांची ज्येष्ठता आजवर कुनी एक धरलीय? आपल्याला काय ठावं होतं काय? हायकोर्टात जाऊ. एकटीला नाय जमायचं. दोघींनी मिळून जाऊ."

माझ्या आत काहीतरी एकदम उभं राहिलं. काल शिरा खाताना असं वाटलं नव्हतं. बाई, हिच्यात दम आहे, मला वाटलं, आणि पहिल्यांदाच ते वाटताना चीड आली नाही. मी डोळे पुसले. म्हटलं, "हर्षदला लावते." आम्ही एका दुकानाच्या सावलीत उभ्या राहिलो, डोक्याला डोकं लावून, मधे फोन, आणि मी स्पीकर लावला. मी सगळं सांगितलं, मधेच ती सांगायला लागली, आम्ही एकमेकींची वाक्यं पुरी करत होतो. हर्षद आधी हसला आणि मग गंभीर झाला. म्हणाला, "मावशी, मुद्दा आहे. नक्की आहे. एकच अर्ज करू, दोघींच्या नावानं. आजच लिहायला घेतो. अर्जदार क्रमांक एक कोण?"

"रोहिणी बामुगडे," मी म्हटलं. वेगळं काही म्हणण्यासारखं होतंच काय?

"का म्हनून?" ती म्हणाली. "एक नंबर मी. मी आधी लागले."

"लागले नाही, हजर झालात. नेमणूक एकाच दिवशीची. आणि वयानं मी मोठी आहे."

"चार महिन्यांनी! चार महिने काय मोठेपन असतंय? मी तवा सही करत होते नि तू वडे तलत होतीस."

"तोंड सांभाळून बोल, नमिता. कोर्टानं तुझी नेमणूक रद्द केली, विसरलीस?"

"नि तुझी केली काय? दिली तुला?"

दुकानदार बाहेर येऊन बघायला लागला. मूर्तींवरची धूळ फुंकणारी बाईही बघायला लागली. मी बोटं मोडून मोडून नियम सांगत होते आणि ती माझ्या बोटांवर हात मारून शनिवार सांगत होती. हर्षदनं फोन केव्हाच ठेवला होता. ते आमच्या लक्षात यायला बराच वेळ लागला.